रिकाम्या खोक्यातल्या बातम्या

मित्रांनो, मी एक जुना टीव्ही आहे. खरं म्हणजे होतो. आता माझं नुसतं लाकडी खोकं उरलं आहे आणि त्यात गवत अंथरून एक कोंबडी अंड्यांवर बसते. तरी मी स्वतःला टीव्हीच म्हणवतो. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, तसं माझं झालं आहे.

माझा जन्म एका दूरच्या कारखान्यात झाला. काळा-पांढरा पडदा आणि त्यावर दोन्ही बाजूंनी सरकणारी लाकडी दारं, असा माझा थाट होता. १९९२ साली निवडणुकीच्या तोंडावर माझी रवानगी पुसेगावजवळच्या एका तांड्यावर झाली. तांड्याचे नाईक शंकरसिंग यांनी मला समाजमंदिराच्या ओट्यावर बसवलं, हळदकुंकू लावलं, नारळ फोडला. या लोकांचे पणजोबा बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून देशभर हिंडायचे. आता हे लोक कोरडवाहू शेतं कसायचे आणि दिवाळी झाली की ऊस तोडायला दूरच्या कारखान्यांकडे जायचे.

संध्याकाळी अख्खा तांडा माझ्यासमोर बसायचा आणि मी ऐटीत बोलायचो. देशाची दारं जगाला उघडली आहेत, हा तरुणांचा देश आहे, आणखी वीस वर्षांत तो महासत्ता होणार, असं मी सांगायचो. माणसं माना डोलवायची. एकदा मी दिल्लीतल्या एका सोहळ्यात आरशांचे घागरे घातलेल्या बाया नाचताना दाखवल्या. आपल्याच बाया म्हणून तांडा हरखून गेला. फक्त तांड्यातली मोतीबाई उठून घरी गेली. तिच्या आईच्या हातचा आरशांचा घागरा त्याच वर्षी शहरातला एक व्यापारी घेऊन गेला होता. मला ते ठाऊक होतं, पण मला सांगता येत नव्हतं. आपल्या काचेतून दिसेल ते बोलायची टीव्हीला परवानगी नसते.

मग देश शंभर कोटींचा झाला. ती बातमीही मीच दिली. पुढच्या माघात माणसं मोजायला एक गुरुजी तांड्यावर आले, तर घराघरांना कड्या. सगळे उसाच्या फडावर. मागं राहिली होती ती मोतीबाईची म्हातारी सासू भिकाबाई आणि शाळेसाठी तिच्याजवळ ठेवलेली नात निता. गुरुजी माझ्या शेजारीच टेकले.

"आजी, तुमच्या घरी माणसं किती?"

"आमचा एक कोयता. देवला अन् मोती."

"कोयता नको, माणसं सांगा."

"तेच सांगून राहिले बापा. नवरा-बायकोचा मिळून एक कोयता. एकटा असला तं अर्धा. अर्ध्याला मुकादम घेत न्हाई."

गुरुजींनी निताकडं पाहिलं. "आणि ही?"

"ती अजून काहीच न्हाई. लगीन झाल्यावर धरू तिला."

गुरुजी हसले आणि त्यांनी निताला रीतसर मोजलं. निता हसली नाही. मलाही हसू आलं नाही.

पुढं एकदा विजेचा दाब एकाएकी वाढला आणि माझ्या पोटातून धूर निघाला. जवळच्याच गोरेगावच्या मेकॅनिकनं काच आणि तारा काढून घेतल्या आणि रिकामं खोकं परत धाडलं. मला वाटलं, संपलं. पण त्याच संध्याकाळी निता माझ्या मागच्या बाजूनं आत शिरली, दारं सरकवली आणि चौकटीतून तोंड काढून म्हणाली, "नमस्कार. आजच्या ठळक बातम्या. हातपंपाचा दांडा पुन्हा तुटला आहे. लखमाकाकांच्या शेळीला दोन पिल्लं झाली आहेत. पुसेगावची जीप न आल्यानं मुलं शाळेत चालत गेली."

लोक पोट धरून हसले, पण दुसऱ्या दिवशी पुन्हा येऊन बसले. इतक्या वर्षांत मला जमलं नाही ते माझ्या रिकाम्या पोटातून ती पोरगी करत होती. तो माझ्या आयुष्यातला सर्वांत सुखाचा काळ होता.

निता सातवी पास झाली आणि त्या श्रावणात भिकाबाई वारली. दिवाळी तोंडावर आली. ओट्यावर तांड्याची बैठक बसली.

"वयात आलेलं लेकरू सुन्या तांड्यात कुणाच्या भरोशावर ठेवू?" मोतीबाई म्हणाली.

"शिकून राहिली ती. काहून मोडायचं?" देवलानं हळूच विचारलं.

नाईक म्हणाले, "संग नेली तं फडावर पाचटाच्या कोपीत झोपावं लागंल, परक्या माणसांत. त्यापरीस लगीन बराबर. पल्याडच्या तांड्यातला प्रेमदास भला पोरगा हाय. अर्धाच कोयता हाय त्याचा."

"याडी, म्या आठवीचं पुस्तक आणलंय," निता आईला म्हणाली. मोतीबाईनं पदर डोळ्यांना लावला.

मित्रांनो, त्या बैठकीत वाईट माणूस एकही नव्हता, म्हणून तर मला रागवायलाही कुणी सापडेना. मुलींनी शिकावं म्हणून किती योजना मी खणखणीत आवाजात सांगितल्या होत्या. त्यांतली एकही या ओट्यापर्यंत आली नाही. मला ओरडावंसं वाटलं, पण ओरडायला माझ्या पोटात काही उरलंच नव्हतं.

लग्न झालं. ट्रक निघायच्या सकाळी हळदीच्या हातांनी निता माझ्या मागं येऊन बसली. समोर ऐकायला कुणी नव्हतं. बाया भांडी आणि पांघरुणं ट्रकमध्ये चढवत होत्या.

"नमस्कार," ती म्हणाली. "देशात आज एक कोयता वाढला आहे." मग म्हणाली, "बातम्या संपल्या." आणि तिनं आतूनच माझी दारं लावून घेतली.

मित्रांनो, मला दुरुस्त करा असं मी म्हणत नाही. माझं वय झालं. पण या कोंबडीच्या गवताखाली निताचं आठवीचं पुस्तक आहे. जाताना तिनं ते माझ्यातच ठेवलं. तेवढं कुणी काढून तिला नेऊन द्याल का? मला हात नाहीत.