माळ्यावरची माणसं

आमच्या ऑफिसात कोणी सर नाही, कोणी मॅडम नाही. मालक तो सगळ्यांचा दादा, आणि बाळंतपणाच्या रजेवरून परतल्यापासून मी ताई. त्याआधी नुसती 'ए' होते. माणसांच्या ओळखी जुळवून देणारी आमची वेबसाइट. सोडून गेलेला सभासद परत आला की दाराजवळची घंटा वाजते आणि सगळा मजला टाळ्या पिटतो. गेलेल्याला परत यायचं होतं का, हे कोणी विचारत नाही.

त्या दुपारी मी सामानाच्या खोलीत कडी लावून दूध काढत बसले होते. एका हातात पंप, दुसऱ्या हातात फोन. तक्रारींत आलेलं पत्र तिसऱ्यांदा वाचत होते.

'मी खातं कायमचं बंद केलं होतं. तरी माझ्या आधीच्या नवऱ्याला तुमच्याकडून माझा फोटो गेला, "यांना परत बोलवा" म्हणून. खाली माझ्या चार नव्या शेजाऱ्यांची नावं. त्यावरून त्याने गल्ली शोधली. मी पुन्हा घर बदललंय. मुलगी चार वर्षांची आहे. कृपा करून पुन्हा पाठवू नका.'

ही बोलावणी रोज संध्याकाळी सहाला जातात. साडेतीन वाजले होते.

माळा मीच बांधलेला. कायदा म्हणतो, माणसाने 'पुसा' म्हटलं की तीस दिवसांत त्याचं सगळं पुसायचं. एखाद्याचं मन बदललं तर, म्हणून मी पंधरा दिवसांपुरती एक जागा केली होती. बंद खाती आधी तिथे जायची, मग पुसली जायची. टाकवत नाही ते घरात माळ्यावर चढतं, म्हणून नाव माळा. मी रजेवर गेले आणि मागे पुसणं थांबलं. वर त्या माळ्याला बोलावण्यांची शिडी लागली: तिथल्या बंद खात्यांचे फोटो जुन्या ओळखीच्यांना जाऊ लागले. लोकांच्या फोनमधल्या नंबरांच्या याद्या आमच्याकडे असतातच. पत्रातल्या बाईचा नंबर नव्या शेजाऱ्यांच्या याद्यांत सापडला, की त्यांची नावं तिच्या फोटोखाली.

आणि आजच सरकारी तपासनीस बाई आल्या होत्या. 'बंद खात्यांची माहिती मुदतीत पुसली जाते' या कागदावर सही मी करायची होती.

बोलावणी थांबवायला दोन मंजुऱ्या लागतात, माझी आणि दादाची. मी त्याला जिन्यात गाठलं.

"दादा, आजची बोलावणी थांबवू या."

"बाई आत बसल्यात आणि आपण आजच थांबवायची? चोराच्या मनात चांदणं म्हणतील!"

"ती पुन्हा सापडेल रे त्याला."

"पुढच्या आठवड्यात माळा झाडून काढू. शब्द देतो. आज सही कर." मग आवाज उतरवून म्हणाला, "तू मागितलीस त्यापेक्षा महिनाभर जास्त रजा दिली होती मी. घरातलं कोणी चव्हाट्यावर नेतं का?"

दिली होती, हे खरं. त्या महिन्यात माझी चिमणी पहिल्यांदा खळखळून हसली होती, माझ्या डोळ्यांसमोर. खाल्ल्या घरचे वासे मोजू नयेत, आई म्हणायची.

तेवढ्यात सासूबाईंचा फोन. "बाटली तोंडाला लावू देत नाही गं ही. येशील ना वेळेवर?"

"येते आई."

आत तपासनीस बाई स्वतःच्या बाटलीतलं पाणी पीत होत्या; आमची कॉफी तशीच निवत होती.

"एखादं बंद खातं दाखवा."

दादाने सकाळीच पुसून ठेवलेल्यांपैकी एक शोधून दाखवलं. पडदा कोरा. "बघा, नामोनिशाण नाही."

"ठीक." त्यांनी कागद माझ्याकडे सरकवला.

सहाला वीस कमी. पेन हातात होतं, पण हलेना. पत्र लिहिणाऱ्या बाईचं खातं उघडून दाखवणं एका बोटाचं काम होतं. पण मग तिचा फोटो, तिची गल्ली आणखी एका खोलीत पसरली असती. तिला न विचारता तिला खाली काढायचं, तर मी काय वेगळी?

मग आठवलं. रजेच्या पहिल्याच दिवशी मी माझं स्वतःचं खातं पुसायला सांगितलं होतं. पोट दिसायला लागल्यापासून जगभरचे सल्ले यायला लागले होते, म्हणून.

"अजून एक खातं बघता का?"

"कोणाचं?"

"माझं. परवानगीही माझीच."

दादा हसला. "थकलीय हो आमची ताई. बाळ रात्रभर जागवतं."

"माझं बाळ छान झोपतं," मी म्हटलं आणि नंबर टाकला.

पडद्यावर मीच आले. लग्नाआधीचा फोटो, मोकळे केस. खाली ओळखीची माणसं: चिमणीच्या डॉक्टर. दूध पाजायला शिकवणारी नर्स. जिच्याकडे एकदाच चौकशीला गेले होते, ती पाळणाघरवाली. चिमणीसकट मी माळ्यावर होते.

बाईंनी चष्मा लावला. "बंद कधी केलंत?"

"आठ महिने झाले."

"आणि ही मंडळी?"

"सगळी त्यानंतरची."

"ही व्यवस्था कोणाची?"

दादा माझ्याकडे बघत होता. "माळा मी बांधला," मी म्हणाले. "पंधरा दिवसांसाठी. लिहून देते. पण सहाला बोलावणी जातील, आणि त्यांत एक बाई अशी आहे, जिचं बोलावणं जाऊन चालणार नाही. नाव सांगणार नाही."

बाई दादाकडे वळल्या. "थांबवा."

"पुढच्या आठवड्यात आम्ही..."

"मी आठवडा विचारला नाही."

पाच बावन्नला मी मंजुरी दिली. दादाने फोन टेबलावर ठेवला, उचलला, पुन्हा ठेवला. पाच सत्तावन्नला अंगठा टेकवला. "घरातली समजत होतो तुला," एवढंच म्हणाला, तेही फोनकडे बघून.

बाहेर आले. कुर्ता दुधाने ओला झाला होता. ओढणी पुढे घेतली. सहा वाजले. सहानंतर मिनिटभरात पहिली घंटा होते, म्हणून सगळे सवयीने दाराकडे बघत होते. सहा एक. सहा तीन. कोणीतरी उठून घंटा बिघडलीय का ते हलवून पाहिलं.

मी त्या पत्राला उत्तर लिहायला बसले. 'आज गेलं नाही.' पुढे 'उद्याही जाणार नाही' लिहिलं आणि खोडलं. उद्या ही खुर्ची माझी असेल, हे तरी कोणी सांगावं? मग तपासनीस बाईंच्या कार्यालयाचा नंबर लिहिला, 'इथे सांगा, या ऐकतात' असं लिहिलं, आणि पाठवून दिलं.

दुधाची बाटली पिशवीत घातली. फोन पुन्हा वाजत होता.

"निघाले आई," मी म्हणाले. पलीकडे चिमणी रडत होती.