दुसऱ्या खंडातला पाय

पहिला खंड संपतो तेव्हा त्या माणसाला दोन पाय असतात. तिसरा सुरू होतो तेव्हा एक. मधे काय झालं ते दुसऱ्या खंडात, आणि दुसरा खंड गेली अकरा वर्षं मापाडींच्या हाताला लागत नव्हता.

मापाडी हे काही त्यांचं आडनाव नव्हे. बत्तीस वर्षं ते वजनमापांच्या कचेरीत निरीक्षक होते. लोकांचे तराजू तपासायचे, शिक्के मारायचे, म्हणून गल्लीनं ठेवलेलं नाव. निवृत्त झाल्यावर तपासायला काही उरलं नाही, तेव्हा ते जुनी पुस्तकं हुडकायला लागले. जुनी म्हणजे कशी, तर लेखकाच्या सख्ख्या भावानंही वाचली नसतील अशी. बुडालेल्या नाटक कंपन्यांचे इतिहास, कुणी ओळखत नाही अशा थोरांची चरित्रं, आणि ज्यांना नावं ठेवायचंही कुणाला सुचलं नाही असे कवितासंग्रह.

त्यातच हे चरित्र सापडलं. पहिला खंड रद्दीच्या दुकानात, तिसरा केस कापायच्या दुकानात, वाट बघणाऱ्या गिऱ्हाइकांसाठी ठेवलेल्या मासिकांच्या तळाशी. चरित्र एका मोजणीदाराचं होतं. या माणसानं म्हणे अख्खा मुलूख पावलांनी मोजला. पाऊल इतकं नेमकं पडायचं की साखळी घेऊन मागून येणारे लोक ओशाळून साखळी गुंडाळून ठेवायचे. तिसऱ्या खंडातही गडी मोजतोच आहे, फक्त एक पाय लाकडाचा. आणि लेखक खुशाल लिहितो, मापात काडीचाही फरक पडला नाही.

इथे मापाडींचं डोकं सटकलं.

"मोजायचं साधनच मधे बदललं," ते बायकोला म्हणाले. "नव्या पायाची पडताळणी कुणी केली? शिक्का कुठाय? आणि मुळात पाय गेला कसा, हे नको कळायला?"

"लग्नाला छत्तीस वर्षं झाली," बायको भाजी निवडता निवडता म्हणाली. "माझ्या गुडघ्याची कधी चौकशी केलीत? आणि त्या मेलेल्या माणसाच्या पायाला तेल लावत बसलाय."

"तुझा गुडघा घरातच आहे गं. तो कुठे जातोय?"

"तेच तर. तो कुठेच जात नाही."

दुसरा खंड गावातल्या ग्रंथालयात होता. म्हणजे यादीत होता, कपाटात नव्हता. ग्रंथपालबाई दर खेपेला तेच सांगायच्या, की पुस्तक बाहेर गेलंय.

"कुणाकडे?"

"वाचकाचं नाव सांगता येत नाही, साहेब. नियम आहे. तुम्ही राखीव चिठ्ठी भरा."

चिठ्ठी सहा महिन्यांनी शिळी व्हायची, मग नवी भरायची. मापाडी नियमाचे पक्के. त्यांनी अकरा वर्षांत बावीस चिठ्ठ्या भरल्या. एकीवरही खाडाखोड नाही.

हळूहळू त्यांच्या मनात त्या अनोळखी वाचकाबद्दल धाक बसला. अकरा वर्षं एकच खंड वाचणारा माणूस. केवढा खोल असेल. आपण पहिला खंड चार दिवसांत उरकला याची त्यांना लाज वाटायची. असा माणूस भेटला तर काय बोलायचं, तेही त्यांनी ठरवून ठेवलं होतं. आधी पायाबद्दल विचारायचं नाही. आधी एकूण शैलीबद्दल बोलायचं, मग सहज पायावर यायचं.

आणि एका मंगळवारी बायको पडद्यांना टाके घालून घ्यायला टेलरताईंकडे गेली. परत आली ती चप्पल न काढताच दारात उभी राहिली.

"अहो, तुमचं ते मोजणीवाल्याचं पुस्तक. जाडं आहे? तपकिरी?"

"पहिला आणि तिसरा तपकिरी आहे. का?"

"तुमचा तो खोल माणूस सापडला."

टेलरताईंचं दुकान म्हणजे एक खोली. एका भिंतीला कापडाचे गठ्ठे, दुसऱ्या भिंतीला आरसा, मधोमध पायाचं शिलाई मशीन. खोलीची फरशी एका कोपऱ्यात खचलेली. मशीनचे तीन पाय जमिनीवर होते आणि चौथा दुसऱ्या खंडावर.

मापाडी तिथेच उकिडवे बसले. पुस्तकाच्या पाठीवरची सोनेरी अक्षरं अजून शाबूत होती. वर मशीन खडखड चाललं होतं आणि दर टाक्याला पुस्तक हलकेच दबत होतं.

"अकरा वर्षं," ते म्हणाले.

"झाली असतील," टेलरताई तोंडातल्या टाचण्या सांभाळत म्हणाल्या. "फरशी खचली तेव्हा टेप घेऊन ग्रंथालयातच गेले, काका. विटा ठेवून पाहिल्या, त्या झिजतात. लाकूड फुगतं. हे मात्र बरोब्बर बसलं. बाईंना वाटलं मला वाचनाची गोडी लागली. दोन कपाटं मोजली मी तिथली."

"पण दर पंधरा दिवसांनी परत न्यावं लागतं ना?"

"पुस्तक काढलं तर मशीन बंद. मी नुसतं कार्ड नेते. त्या शिक्का मारतात."

मापाडींना सगळं उलगडलं. ग्रंथालयाचा नियम असा, की राखीव चिठ्ठी पुस्तक परत आलं की त्यात ठेवायची. पुस्तक कधी येतच नव्हतं, येत होतं ते कार्ड. आणि कार्डात चिठ्ठी ठेवावी असं नियमात कुठे लिहिलंय? बाईंचं काहीच चुकलेलं नव्हतं. नियमावर बत्तीस वर्षं जगलेल्या माणसाला राग धरायलाही जागा राहिली नाही.

"ताई, मला ते पुस्तक पाहिजे," ते म्हणाले.

"न्या की. पण तेवढ्याच जाडीचं दुसरं आणून द्या. आणि अंदाजानं नको. मागे एकदा धूळ झाडायला काढलं आणि दुसरं काहीतरी सारलं, तर एका कोटाची बाही अशी शिवली गेली की तो माणूस अजून हात वर करूनच फिरतो म्हणे."

मापाडींनी खिशातून व्हर्नियर कॅलिपर काढला. तो त्यांच्या खिशात कसा, हे बायकोनं विचारलं नाही. तो असायचाच. सत्तावन्न मिलिमीटर.

घरी येऊन त्यांनी कपाट उपसलं. पहिला खंड एकोणपन्नास भरला, तिसरा त्रेसष्ट. नाटक कंपन्यांचा इतिहास साठ. कवी सगळे बारीक. दोन-दोन, तीन-तीन एकत्र करून पाहिले, पण एकमेकांशी जमेल असा एकही कवी निघाला नाही. मापाडी फरशीवर पुस्तकांच्या ढिगात बसून राहिले.

"पलंगाखालचं पाहिलंत?" बायकोनं विचारलं.

पलंगाखाली मापाडींनी स्वतः लिहिलेलं आणि स्वतःच छापून घेतलेलं पुस्तक होतं. तराजूचा इतिहास. तीनशे प्रती छापल्या होत्या, त्यातल्या नऊ भेट म्हणून गेल्या आणि चार परत आल्या.

"तो संशोधनाचा ग्रंथ आहे," मापाडी म्हणाले.

"मी कुठे नाही म्हणतेय? मोजा तर खरं."

एक प्रत अकरा मिलिमीटर. पाच प्रती पंचावन्न. मापाडींनी पाच प्रती सुतळीनं आवळल्या आणि टेलरताईंकडे नेल्या. ताईंनी मशीन चालवून पाहिलं, कापडावरची शिवण उजेडात धरली आणि मान हलवली.

"अजून दोन मिलिमीटर, काका. तुमच्या पुस्तकात जरा कमी पडलंय."

"पुरवणी घालायची राहिली होती," मापाडी म्हणाले.

मग ते ग्रंथालयात गेले. दुसरा खंड आज परत येतो आहे, हे ऐकून ग्रंथपालबाईंनी चष्मा काढून पुसला. "म्हणजे वाचून झाला?" त्या हळहळल्या. "नेमानं यायच्या हो. अशा वाचक आता मिळत नाहीत."

मापाडींनी त्यांचा भ्रम तसाच राहू दिला. बाईंनी खणातून चिठ्ठ्यांचा गठ्ठा काढला. बावीसच्या बावीस, तारीखवार लावलेल्या.

"पुस्तक मिळालं की या फाडून टाकायच्या असतात."

"माझ्याकडे द्या," मापाडी म्हणाले. "मी लावतो विल्हेवाट."

बावीस चिठ्ठ्या कॅलिपरमध्ये बरोबर दोन मिलिमीटर भरल्या. पाच प्रतींवर त्या ठेवल्या, मशीनचा पाय वर टेकवला, ताईंनी पायडल मारलं आणि शिवण अशी सरळ गेली की बायकोनंसुद्धा वाकून पाहिलं.

"हे परत करायचंय का कधी?" ताईंनी विचारलं.

"नाही. तुमच्याकडेच राहू दे."

"बरं झालं. आणि काका, तो पाय कसा गेला ते कळलं की मलाही सांगा. इतकी वर्षं माझ्या पायाशी होतं ते."

खंड रीतसर परत झाला, रीतसर मापाडींच्या नावावर चढला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी चहा होताच ते स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसले. पुस्तकाच्या मधोमध मशीनच्या पायाचा गोल खड्डा पडला होता. तो पुठ्ठ्यापासून शंभराव्या पानापर्यंत जाणवत होता. मापाडींनी आधाशासारखं पुढचं चाळलं नाही. ओळीनं वाचत गेले. मोजणीदारानं नदी मोजली, डोंगर मोजला, सासऱ्याशी बांधावरून भांडला आणि बांधही मोजला. दोनशे सत्त्याऐंशीव्या पानावर तो सकाळी घराबाहेर पडला. मापाडी खुर्चीत पुढे सरकले. पान उलटलं.

मग ते पान मागे उलटलं, पुन्हा पुढे उलटलं.

"काय झालं?" बायको ओट्याजवळून म्हणाली.

त्यांनी वाचून दाखवलं. "'त्या दिवशी पायावर जो प्रसंग गुदरला, तो पोराबाळांनाही तोंडपाठ असल्यामुळे त्याचा विस्तार करून वाचकांचा वेळ घेत नाही. महिनाभरानं सुतार आला.'"

"बस?"

"बस. पुढे सुताराबद्दल दोन पानं आहेत."

बायकोनं गॅस बारीक केला आणि समोर येऊन बसली. तिला हसू येत होतं, पण मापाडींचं तोंड बघून तिनं ते आवरलं.

"म्हणजे तेव्हा सगळ्यांना माहीत होतं."

"हो."

"आणि आता कुणालाच नाही."

मापाडींनी पुस्तक मिटलं. एवढा जाडजूड माणूस, तीन खंडांचा, आणि नेमका जिथे मोडला तीच जागा कोरी, कारण लिहिणाऱ्याला वाटलं, हे काय सांगायचं. त्यांनी आपल्या तराजूच्या इतिहासात असं किती ठिकाणी केलं होतं, ते त्यांना आठवायला लागलं. 'हे सुज्ञास सांगणे न लगे' असं निदान सहा वेळा तरी होतं.

बायको उठायला लागली. उठताना तिनं टेबलाला धरलं, उजवा पाय आधी टेकवला, मग डावा. मापाडी बघत होते. ती रोज अशीच उठायची.

"तुझा गुडघा," ते म्हणाले, "नक्की कशानं गेला?"

"आता काय त्याचं? घरात सगळ्यांना माहीत आहे."

"मला नाही माहीत."

बायको अर्धवट उठलेली तशीच थांबली. मापाडींनी तिसऱ्या खंडाच्या टिपणांची वही ओढली, पेनचं टोपण काढलं आणि वर तारीख घातली. ती पुन्हा बसली.

"लिहिणार आहात?"

"सांग तू."

"तुमचं पुस्तक छापून आलं ना, त्या दिवशी. तुम्ही प्रेसवाल्याचे आभार मानत बाहेर उभे. तीनशे प्रतींचे गठ्ठे पलंगाखाली मी सारले. सहाव्या गठ्ठ्याला कट्कन आवाज आला."

मापाडींचं पेन थांबलं.

"जाऊ दे हो," बायको म्हणाली. "फार लांबण लावू नका."

"गठ्ठ्याचं वजन किती होतं?" त्यांनी विचारलं, आणि नवीन ओळीवर लिहायला सुरुवात केली.