कबुलीजबाबाचा प्रवेश

१९५८ साली मँचेस्टरच्या स्टुडिओतून नाटक टीव्हीवर थेट दिसत होतं. चुकलं तर सावरायला वाव नव्हता. डेन्झिल क्रॉदरचा जन्म हवालदार नाहीतर वेटर रंगवण्यात गेला होता. आजही त्याला एकच वाक्य होतं, "साहेब, गाडी आलीय."

तो हवालदाराच्या वेषात आत शिरला, तर नायक रूपर्ट हेलिंग पांढराफटक पडलेला. नाटकात भावाच्या खुनाचा कबुलीजबाब द्यायचा, तर त्याला शब्दच आठवेना. कॅमेऱ्यामागची माणसं श्वास रोखून उभी होती.

त्याने हेल्मेट काढलं आणि खुर्ची पुढे ओढली. "बसा साहेब. भावाला तुम्हीच ढकललंत ना? किती दिवस मनात ठेवणार?"

रूपर्टने त्याचं मनगट गच्च धरलं. मग एकेक शब्द फुटू लागला आणि प्रवेश पार पडला.

दिवे विझल्यावर रूपर्ट म्हणाला, "लेका, मी तर मेलोच होतो! पुढच्या नाटकात माझा भाऊ तूच. मी सांगतो दिग्दर्शकाला."

डेन्झिलला हो म्हणायचं होतं, पण दातखीळ बसली होती. मेकअपवाल्या बाईंनी चहाचा कप त्याच्या ओठांना लावला.