उष्टं विरजण

माझ्या फ्रिजला परक्या माणसाने हात लावलेला मला खपत नाही. सासूबाईंनी लावला तरी मी दोन दिवस धुसफुसते. त्यामुळे रोनाल्डचा फोन आला, की एका इंग्लिश टीव्हीवाल्याला दोह्यातल्या आमच्या अल सद्द भागातलं भारतीय स्वयंपाकघर हवंय आणि रोनाल्डने आमचं नाव दिलंय, तेव्हा मी आधी नाहीच म्हणून टाकलं. मग त्याने त्या टीव्हीवाल्याचं नाव सांगितलं आणि मी मटकन सोफ्यावर बसले. बर्टी पिम? आमच्या घरी?

रोनाल्ड वसईचा, माझ्या नवऱ्याचा, स्वानंदचा मित्र. बाहेरून येणाऱ्या शूटिंगवाल्यांना दोह्यात जागा, गाड्या, परवानग्या मिळवून देणं हा त्याचा धंदा. त्याला वाटलं, मी असंच कुठेतरी नाव ऐकलं असेल. त्या बिचाऱ्याला काय माहीत, हा माणूस मिरजेत आमच्या घरात वर्षानुवर्षं राहिला होता.

टीव्हीतून हो. केबल नवी नवी होती तेव्हा दुपारी एका इंग्रजी चॅनलवर तो लागायचा. आईला इंग्रजीचा गंध नव्हता, पण हातातली भाजी तशीच ठेवून ती बघत बसायची. बाथरोबवर टाय लावलेला लंबूटांग गोरा. कधी बोटीच्या टपावर स्वयंपाक मांडायचा, कधी चर्चच्या घंटेखाली. कांदा चिरायच्या आधी कमरेत वाकून कांद्याची माफी मागायचा. पूर्वी म्हणे भूगोलाचा मास्तर होता. वर्गात ज्वालामुखी शिकवताना पेटत्या खोट्या ज्वालामुखीवर ऑम्लेट करून दाखवलं, तिथे नोकरी गेली. टीव्हीवर नाव झालं, तर प्रायोजकाचं सूप कॅमेऱ्यासमोर कुत्र्याला घातलं. कुत्र्याने ते हुंगून सोडलं आणि कार्यक्रमच बंद पडला. पुष्कळ वर्षं त्याला कुणी विचारत नव्हतं. मग पोरांनी मोबाइलवर त्याचे जुने तुकडे शोधून काढले आणि बाबा परत वर आला. आता नवा कार्यक्रम असा, की परक्याच्या घरात घुसायचं आणि सापडेल त्यातून रांधून घरच्यांना वाढायचं.

फक्त एक होतं. एवढ्या वर्षांत कॅमेऱ्यासमोर त्याने स्वतः एक घास खाल्ला नव्हता. पोस्टमनला भरवेल, नवरीला भरवेल, गाढवाला भरवेल, पण स्वतः नाही. आईचा जीव त्यात अडकायचा.

"मेला सगळ्या जगाला वाढतो, याला कोण वाढतंय गं?" ती म्हणायची. "आपल्याकडं आला तर दहीभात घालीन मी."

आता त्या दह्याचं सांगायलाच हवं. लग्न होऊन मी इकडे निघाले, तेव्हा आईने आपल्या जुन्या मऊ साडीचा तुकडा दह्यात बुडवून, वाळवून, पुडी करून माझ्या बॅगेत घातला. इथे आल्यावर तो कोमट दुधात टाकला आणि सकाळी मिरजेचं दही अल सद्दमध्ये लागलं. तेव्हापासून ते तुटलेलं नाही. खायला घेण्याआधी चमचाभर विरजण बाजूला काढायचं, की दुसऱ्या दिवसाची सोय झाली. आई कोविडमध्ये गेली. विमानं बंद होती, मला तिचं तोंडसुद्धा बघायला मिळालं नाही. मिरजेला आता वहिनी पॅकेटचं दही आणते. म्हणजे आईच्या हातचं जगात काही उरलं असेल, तर ते माझ्या फ्रिजमध्ये, लोणच्याच्या बरणीमागे, एका स्टीलच्या वाटीत. इथे दोघींना मोठ्या मनाने विरजण दिलं होतं. दोघींनी आठवड्याच्या आत घालवलं आणि परत दुकानातून लबनच्या, म्हणजे इकडच्या ताकाच्या, बाटल्या आणायला लागल्या. त्यानंतर मी कुणालाही दिलं नाही. आहे मी तशी.

शूटिंगच्या दिवशी सगळं दही मठ्ठ्यात आणि कोशिंबिरीत गेलं, कारण मजल्यावरचे सगळे शेजारी जेवायला यायचे होते. मीठ-मिरची पडलेलं दही परत विरजायला चालत नाही. विरजणाची वाटी मात्र जागच्या जागी होती.

तो आला आणि मला पहिला धक्का बसला. रोब तोच, टाय तोच, पण आतला माणूस कुठे गेला? रोब हँगरला लटकवावा तसा लटकत होता. गळ्याची कातडी लोंबत होती. मागून त्याची प्रोड्युसर बाई एक थर्मास सांभाळत येत होती. त्याने दारातच मला वाकून नमस्कार केला, भिंतीवरच्या घड्याळालाही केला, आणि आमचा श्रेयस फिदीफिदी हसायला लागला.

आवाजवाली मुलगी माझ्या पदराला माइक लावत होती. मी मान खाली घालून उभी. तेवढ्यात फ्रिज उघडल्याचा आवाज आला. उघडू दे, म्हटलं, कार्यक्रमच तो आहे. मग बरण्या सरकल्याचा आवाज आला. मग काही नाहीच.  कॅमेरावाला हलेना. आवाजवाल्या मुलीचा हात माझ्या खांद्यावर तसाच राहिला. प्रोड्युसर बाईने तोंडावर हात धरला होता.

मी मान वर केली. बर्टी पिम खात होता.

माझी वाटी त्याच्या हातात होती. चमचा तोंडात घालून तो डोळे मिटून उभा होता. मग चमचा परत वाटीत, परत तोंडात.  मी पुढे होईपर्यंत त्याने वाटीच्या कडेने बोट फिरवून बोटसुद्धा चाटलं होतं.

मग मात्र माझा ताबा सुटला. मराठीत जे जे येतं ते सगळं मी त्या माणसाला ऐकवलं, भुक्कड म्हणाले, हावरट म्हणाले, आणि शेवटी नुसतीच रडायला लागले.

"अहो, ते विरजण होतं. माझ्या आईचं होतं. ती गेली, आणि तुम्ही ते पण खाऊन टाकलंत."

रोनाल्डने मान खाली घालून ते इंग्रजीत सांगितलं. बर्टी पिमने वाटीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. 

"आंबट लागलं," तो म्हणाला. "मला आंबट लागलं."

मला संताप आला. दही आंबट लागणार नाही तर काय तिखट लागेल? पण प्रोड्युसर बाई हुंदके द्यायला लागली होती. मग तिनेच सगळं सांगितलं. सुरुवातीला कुणीतरी त्याला म्हणालं होतं, की खाणारा आचारी पडद्यावर अधाशी दिसतो. म्हणून तो खायचा नाही, आणि पुढे तीच त्याची खूण झाली. काही वर्षांपूर्वी घशात गाठ निघाली. मशीनखाली झोपवून किरणांनी ती जाळली, तिच्याबरोबर चवही गेली. तेव्हापासून तो थर्मासमधली पावडर पिऊन जगत होता. लोकांना वाटायचं, बाबाचा विक्षिप्तपणा चाललाय. रांधायचा तो नुसत्या सवयीवर आणि वाढायचा दुसऱ्यांना.

 बर्टी पिम माझ्यासमोर आला आणि कांद्यापुढे वाकायचा तसाच कमरेत वाकला. यावेळी कुणी हसलं नाही. त्या दिवशी त्याने काही रांधलं नाही. मीच सगळ्यांना मठ्ठा दिला आणि ते सामान आवरून गेले.

वाटी ओट्यावर राहिली. तळाशी आणि कडेला पांढरा ओशट थर होता. तेवढ्यानेही दही लागतं, कुठलीही बाई सांगेल. पण ते उष्टं होतं. तोंडातला चमचा, चाटलेलं बोट. आमच्या आईचा सोवळ्याओवळ्यावर फारसा विश्वास नव्हता, पण उष्ट्याचं तिला भारी वावडं. चव बघितलेला चमचा परत पातेल्यात गेला तर ती अख्खी आमटी ओतून द्यायची. तिचं विरजण वाचवायचं तर तिचाच नियम मोडायचा. स्वानंद म्हणाला, पॅकेटचं चांगलं मिळतं गं. त्याच्याकडे मी असं बघितलं, की तो गाडी पुसायला खाली निघून गेला. श्रेयस म्हणाला, "मम्मा, दॅट्स सो ग्रॉस."

मी वाटी दोनदा सिंकपाशी नेली. दोन्ही वेळा मला आईच ऐकू आली, आमटी ओतताना नव्हे, टीव्हीसमोर. याला कोण वाढतंय गं?

मग मी दूध कोमट केलं, करंगळी घालून बघितलं आणि त्या उष्ट्या वाटीत ओतलं. एसी बंद करून सगळ्यांना घामाघूम केलं, वाटी टॉवेलात गुंडाळून ओव्हनमध्ये ठेवली. माझाच माझ्यावर विश्वास बसत नव्हता. सकाळी वाटी तिरकी केली, तर दही हललं नाही. चाखलं. आंबट, थोडं गोडसर, आमचंच. मी ओट्याला टेकून रडले.

पुढे रोनाल्डकडून निरोप आला, की बाबाला ते दही परत मिळेल का. कुणालाही न देणारी मी, कपाटातून आईची साडी काढली, तिचा तुकडा दह्यात भिजवून गॅलरीत टाकला. इथल्या उन्हात तो बघता बघता कडक झाला. रोनाल्डला बजावलं, की कोमट दूध, आणि खायच्या आधी चमचाभर बाजूला काढायचं. बाकी त्याने काय वाटेल तो वेडेपणा करावा.

परवा दुपारी रोनाल्डचा फोन आला. त्याचा आवाज ऐकूनच मी ओळखलं. गाठ परत आली होती, त्याने कुणाला कळू दिलं नव्हतं. बर्टी पिम झोपेत गेला. मी गॅसवरची पोळी करपू दिली. घरातलंच कुणी गेल्यासारखं झालं.

रोनाल्ड जरा घुटमळला. म्हणाला, "वहिनी, ती प्रोड्युसर बाई त्याचं घर आवरतेय. फ्रिजमध्ये अगदी मागे एक कप सापडलाय. चमचाभर दही आहे त्यात. टाकून देऊ का, विचारतेय."

"टाकू नको म्हणावं," मी म्हणाले. "तिला आधी फोन लाव, रोनाल्ड. दूध कोमट करायला सांग."