मंजुळेचं पेव

चाकणच्या शाळेतले उद्धवगुरुजी दौलतराव मांडेकरांचं प्रत्येक पुस्तक निघाल्या निघाल्या विकत घेत आणि हातात तांबडी पेन्सिल घेऊन वाचत. मित्राची पुस्तकं इतक्या तातडीनं वाचणारा माणूस म्हटलं की ऐकणाऱ्याला कौतुक वाटायचं. पण कसलं कौतुक अन् कसलं काय, तो निव्वळ जळफळाट होता. ब्रह्मदेशावरच्या प्रवासलेखांत गुरुजींनी शुद्धलेखनाच्या अकरा चुका काढल्या होत्या. काबूलच्या पुस्तकाला तर शेवटच्या पानावर शंभरपैकी एकोणचाळीस गुण देऊन खाली सहीसुद्धा ठोकली होती.

दोघं एकाच बस्करावर बसून शिकलेले. दौलूला त्रैराशिक कधी जमलं नाही, तो उद्धवच्या पाटीवरून उतरवून घ्यायचा. निबंधात पहिला नंबर उद्धवचा, दौलूचा दुसरा. पुढं दौलू पुण्याला गेला, तिथून रंगूनला, काबूलला, फाळणीच्या दिवसांत पंजाबात, आणि गेला तिथून पुस्तक घेऊन परतला. राज्यं उलथतात, आगी लागतात, त्यात चुलीपुढं बसलेल्या साध्या बाईचं काय होतं, ते तो असं लिही की वाचणारा पुस्तक मिटून नुसता बसून राही. गुरुजीही बसून राहत, आणि मग उठून पेन्सिलीला टोक करत. त्यांचा स्वतःचा प्रवास म्हणाल तर आळंदी, पुणं, आणि मेहुणीच्या लग्नाला एकदा मुंबई.

पण गुरुजींजवळ एक गोष्ट होती, जी दौलतरावांजवळ नव्हती. ती म्हणजे मंजुळा.

पेशवाई बुडाली त्या धामधुमीत, हरलेल्या फौजेतला एक जखमी स्वार चाकणात आला होता. मंजुळा तेव्हा नवी सून. घरात ती आणि आंधळी सासू, बाकीचे रान धरून पळालेले. मंजुळेनं त्या स्वाराला पेवात लपवलं. पेव म्हणजे जमिनीत खोल खणलेलं धान्याचं कोठार. त्यातली हवा कोंदट, माणूस गुदमरून मरायचा, म्हणून ती दिवसभर तोंडावरची फरशी तसूभर सरकवून तिथंच बाजरी पाखडत बसे. नऊ दिवस. ही हकिकत मंजुळेनं म्हातारपणी आपल्या नातसुनेला सांगितली. ती नातसून, सोजराबाई, आज ऐंशी वर्षांची, अजून हयात होती. उद्धवगुरुजींनी तिच्या ओट्यावर बसून सगळं उतरवून घेतलं होतं आणि नऊ वर्षं खपून त्याची कादंबरी लिहिली होती. फक्त शेवटचं प्रकरण दर वेळी मनाजोगतं उतरत नव्हतं, म्हणून ती घरातच पडून होती.

अशात पंचावन्न सालच्या हिवाळ्यात दौलतराव स्वतः चाकणात उतरले.

"पिंपरीवरून आलो रे," शाळेच्या ओसरीवर टेकत ते म्हणाले. "ओळखू येईना. औषधाचा कारखाना काय, निर्वासितांची घरं काय. एवढं जग हिंडलो, आणि खरी उलथापालथ आपल्याच दारात चालली होती. म्हटलं, आता आपल्या गावावर लिहायचं."

"गावात काय आहे लिहिण्यासारखं?" गुरुजी म्हणाले.

"आहे की. ती पेवातली गोष्ट. लहानपणी अर्धवट ऐकलेली. इंग्रजांचे शिपाई दारात आले, तिथवर आठवतं. पुढं काय झालं, उद्धवा? सोजराआजी सांगेल का? चल, तिच्याकडेच जाऊ."

आता इथं उद्धवगुरुजींना खरं काय ते सांगता आलं असतं. नाही तर, मी लिहितोय बाबा, तू दुसरं काही बघ, असं तोंडावर म्हणता आलं असतं. दौलतराव दिलदार माणूस, हसून मागं फिरला असता. पण मत्सरानं पछाडलेल्या माणसाला सरळ वाट दिसते कुठं? हा आज ऐकणार, दोन महिन्यांत लिहिणार, आणि आपली नऊ वर्षं मातीत, एवढंच गुरुजींना दिसलं. खरा शेवट आपल्या वहीसाठी राहिला पाहिजे. बस्स.

"आजी काय सांगणार," ते म्हणाले. "कान गेले तिचे. भ्रमिष्टासारखी करते. कुणी समोर गेलं की रडत बसते बिचारी."

त्या घटकेला सोजराबाई पेठेत कांदेवाल्याशी मापावरून भांडत होती, आणि तिचा आवाज वेशीपर्यंत जात होता. गुरुजींचं नशीब म्हणून वारा उलटा होता.

"अरेरे," दौलतराव खरंच हळहळले. "मग तूच सांग. तुला ठाऊक असेलच."

"धरून दिला," गुरुजी म्हणाले. "शिपायांनी खळ्याला आग लावायची धमकी दिली, आणि मंजुळेनं बोटानं पेव दाखवलं."

दौलतरावांनी खिशातली वही काढली, एकच ओळ लिहिली आणि वही मिटली. "बिचारी," ते म्हणाले. "अठरा वर्षांची पोर. दुसरं काय करील ती?"

ते निघून गेल्यावर गुरुजींना चार दिवस अन्न गोड लागलं. पाचव्या दिवशी थोडं खुपलं, पण दौलतराव चार ठिकाणी खातरजमा केल्याशिवाय लिहीत नाहीत, ही ओळ ते वापरणारच नाहीत, अशी त्यांनी मनाची समजूत घातली. खातरजमा करायची तर चाकणात एकच माणूस होता, आणि तो म्हणजे उद्धवगुरुजी, हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही.

दीड वर्षानं कादंबरी आली. गुरुजींनी तांबडी पेन्सिल घेतली आणि पहिलंच पान उघडलं. प्रस्तावनेत लिहिलं होतं, 'ही हकिकत मला माझे बालमित्र, चाकणचे उद्धवगुरुजी यांनी सांगितली. गावच्या इतिहासाबाबत त्यांचा शब्द मी प्रमाण मानतो.' जन्मात पहिल्यांदा गुरुजींचं नाव छापून आलं होतं. सुभद्राबाईंनी, म्हणजे त्यांच्या पत्नीनं, ते पान शेजारीपाजारी फिरवून दाखवलं.

आणि ते बोट दाखवण्याचं प्रकरण. काय सांगावं. मंजुळेचा हात उठतो, तिलाच तो परका वाटतो, सासू विचारते, पोरी, कोण आलंय गं, आणि ती म्हणते, कुणी न्हाई आत्याबाई, वारं हाय. गुरुजींनी ते तीनदा वाचलं. एक चूक सापडली नाही. आपण थाप मारली, आणि या माणसानं त्या थापेत जीव ओतला, याचा त्यांना इतका संताप आला की पेन्सिल त्यांनी खिडकीबाहेर भिरकावली. खोटं सांगितल्याची लाज वाटायला हवी होती. ती वाटली, नाही असं नाही, पण रागाच्या मागून, उशिरा.

त्या इरेसरीत गुरुजींनी आपलं शेवटचं प्रकरण एका बैठकीत पुरं केलं आणि कादंबरी पुण्याच्या एका प्रकाशकाकडं धाडली. अडीच महिन्यांनी पोस्टात पुडकं परत आलं. सोबत पत्र होतं. 'आपली भाषा स्वच्छ आहे. परंतु मंजुळेने स्वारास धरून दिले हे आता वाचकमात्र जाणतो, आणि ती माहिती श्री. मांडेकरांना आपणच पुरवल्याचे त्यांनी नमूद केले आहे. मग आपल्या कादंबरीत ती शेवटपर्यंत गप्प कशी? याचा खुलासा होणे कठीण दिसते.'

गुरुजी पोस्टाच्या पायरीवरच बसले. पोस्टमास्तर सोपानराव आतून आणखी एक पुडकं घेऊन आला.

"हे सोजराबाईचं. मांडेकरांनी पुस्तक पाठवलंय. तुमच्या हाती द्यायचं लिहिलंय."

आत दौलतरावांची चिठ्ठी होती. 'उद्धवा, आजींना ऐकू येत नाही म्हणालास. तरी एकदा हे त्यांच्या हातात दे. त्यांच्याच घरातली गोष्ट आहे.'

गुरुजी ते पुस्तक परस्पर घरी नेणार होते. पण सोपानराव कसला वस्ताद, त्यानं सकाळीच सोजराबाईला वर्दी दिली होती. ती ओट्यावर बटाटे निवडत वाटच बघत होती.

"ये, उद्धवा. दौलूनं आमच्या मंजुळाआजीवर पुस्तक केलंय म्हनं. गावात समदी वाचत्यात, पर म्या इचारलं की त्वांडं फिरवत्यात. आसं काय लिवलंय रं त्यात?"

"मोठं आहे आजी. आज नको, सवडीनं वाचू."

"माजी सवड किती उरलीया? समदं नगं वाचू. शिपाई दारात आलं, तितनं वाच. बाकीचं ऱ्हाऊ दे."

गुरुजींनी पुस्तक उघडलं. पान आपसूकच सापडलं, इतक्यांदा ते त्यांनी घरच्या प्रतीत उघडलं होतं. 'मंजुळेचा हात उठला.' त्यांनी तोंड उघडलं, आणि पुन्हा मिटलं. समोरची बाई मंजुळेचे पाय चेपत ही हकिकत ऐकलेली. तिला हे वाचून दाखवायचं?

"थांबलास का? चष्मा इसरलास?"

"न्हाई आजी." गुरुजींनी पिशवीतून आपली परत आलेली वही काढली, उघड्या पुस्तकात ठेवली आणि वाचायला लागले.

शिपायांनी तीनदा विचारलं. मंजुळा पाखडत राहिली. त्यांनी खळं पेटवलं, वर्षाची बाजरी जळायला लागली, धूर अंगणात आला. पेवाच्या तोंडावर ती मांडी घालून बसली होती. धुरानं खालचा माणूस खोकेल म्हणून ती स्वतःच खोकायला लागली, मोठ्यानं, शिपाई निघून जाईतो, पुढं रक्त पडेतो खोकत राहिली. आणि तेवढ्या वेळात खाली पेवाकडं तिनं एकदाही पाहिलं नाही.

सोजराबाईच्या हातातला बटाटा हातातच राहिला. ती रडत होती, पुसायचंही भान नव्हतं तिला. इतक्या वर्षांत गुरुजींचं लिहिलेलं कुणी असं ऐकलं नव्हतं. या प्रकरणात कुठं काही कमी आहे असं त्यांना त्या दिवशी वाटलं नाही.

वाचून झालं. म्हातारीनं पदरानं डोळे पुसले.

"खोकल्याचं म्या कवा कुनाला सांगितलं न्हाई, एका तुझ्याबिगर," ती म्हणाली. "तूच दौलूला सांगितलं आसशील. मनाचा मोठा हायेस तू."

गुरुजींनी मान खाली घातली.

"आन काय लिवलंय रं त्या पोरानं. जनू त्यो तितं हुबा हुता. आरं, तू बी गेली दहा वर्सं वह्या भरतुयास, मला ठावं हाय. तुला न्हाई का असं लिवता येत?"

हे मात्र काळजात जाऊन बसलं. हे माझं आहे आजी, दौलूचं नाही, असं म्हणायला जीभ शिवशिवली. पण तसं म्हटलं की, मग दौलूनं काय लिहिलंय, हे विचारल्याशिवाय ती राहणार नव्हती.

"न्हाई येत," गुरुजी म्हणाले.

"ऱ्हाऊ दे. समद्यास्नी येत न्हाई. कागद काढ, दौलूला पत्र लिव. मी सांगते."

गुरुजींनी पोस्टकार्ड काढलं. म्हातारी सांगत गेली आणि ते लिहीत गेले. चिरंजीव दौलूस सोजराबाईचा आशीर्वाद. पुस्तक उद्धवानं वाचून दावलं. मला चांगलं ऐकू येतं. आमच्या मंजुळाआजीनं मान वळवली न्हाई, त्वांड उघडलं न्हाई, धुरात खोकत बसली, ह्ये जसं झालं तसंच तू लिवलंस.

इथं गुरुजींचा टाक थांबला. हे वाक्य पुण्याला पोचलं की दौलतरावांना काय ते कळणार होतं. त्याऐवजी 'पुस्तक आवडले' एवढंच लिहिलं तर म्हातारीला काय समजणार होतं? अक्षरओळख नाही तिला. एक खोटं पचलं होतं, हेही पचलं असतं.

"लिवलंस?" सोजराबाईनं विचारलं. ती पोस्टकार्डाकडं पाहत नव्हती. वाड्याच्या मागं, जिथं आता नुसतं गवत होतं, तिकडं पाहत होती.

"लिहितो," गुरुजी म्हणाले, आणि त्यांनी ते वाक्य जसंच्या तसं लिहिलं.

"म्होरं लिव. तुज्यासारखा लिवनारा ह्या गावात दुसरा जन्मला न्हाई."

तेही त्यांनी लिहिलं. म्हातारीनं अंगठा उठवला. "खाली तुजं नाव घाल," ती म्हणाली. "पत्र कुनाच्या हातचं हाय, ते त्येला कळाया पायजे." गुरुजींनी आपलं पुरं नाव घातलं, शाळेच्या दाखल्यावर घालतात तसं, ठळक.

पोस्टाच्या पेटीशी ते थोडा वेळ उभे राहिले. आता दौलू काय म्हणेल, गाव काय म्हणेल, सुभद्राबाईंना तोंड कसं दाखवायचं, हे सगळं व्हायचं होतं, आणि ते होणारच होतं. पण खरं सांगायचं तर तेव्हा त्यांच्या मनात त्यातलं काहीच नव्हतं. पोस्टकार्डावरची शेवटची ओळ त्यांनी पुन्हा एकदा वाचली. ती त्यांच्या लिहिण्याला मिळालेली पहिली आणि एकुलती शाबासकी होती, त्यांच्याच अक्षरात होती, आणि दौलूच्या नावानं होती. त्यांनी कार्ड पेटीत टाकलं आणि पिशवीतली वही काखेत घट्ट धरून ते शाळेकडं निघाले.