बादली थ्रो

शिडीला चिडवायचं असेल तर तिच्या उंचीवर बोलून उपयोग नव्हता. सहा फूट दोन इंच उंचीची बाई ते सगळं शाळेतच ऐकून कोडगी झालेली असते. तिला चिडवायचं तर एवढंच विचारायचं, "तुम्हीच ना त्या, शेवटचे दोन चुकवलेल्या?"

बावीस वर्षं लोक हेच विचारत होते. ती आता एका हॉस्पिटलच्या रेकॉर्ड रूममध्ये कामाला होती. छताला टेकलेल्या फळीवरची फाइल ती स्टूल न घेता काढायची, आणि ती उंची बघून समोरच्याला हमखास आठवायचं. ती म्हणायची, "हो, मीच. सही करा इथे."

त्याआधी अकरा वर्षं ती पोटासाठी बास्केटबॉल खेळली, आणि नाव कमावलं ते फ्री थ्रोवर. फाउल झाला की रेषेवर उभं राहून, कुणी आडवं न येता जो बॉल टाकायला मिळतो, तो. शंभरातले नव्वद तिचे आत जायचे. पण ती तो खालून टाकायची: दोन्ही हातांत बॉल, गुडघे वाकवून पायांमधून झोका द्यायचा आणि सोडून द्यायचा. प्रेक्षक त्याला बादली थ्रो म्हणायचे. ही काय मोरीत पाणी ओततेय, म्हणून हसायचे. हसेनात का, गुण मिळत होते.

ही कला तिच्या बापाची. बाप गवंडी. खालून वर परांचीवर उभ्या माणसाकडे विटा फेकायच्या, त्या अशाच. "वरच्याच्या हाताला लागता कामा नये," तो म्हणायचा. "हातात येऊन थांबली पाहिजे." दहाव्या वर्षी शिडी विटा फेकत होती. बॉल त्यामानाने कापूसच.

मग ती फायनल. दोन सेकंद उरलेले, संघ एका गुणाने मागे, आणि शिडीला दोन फ्री थ्रो. त्या वर्षी मॅच पहिल्यांदाच टीव्हीवर होती. मॅनेजरने आठवडाभर तिचं डोकं खाल्लं होतं, "बाई, शोभत नाही ते. माणसासारखं वरून टाक." ती रेषेवर उभी राहिली तेव्हा बाकावरून त्याने हात डोक्यावर नेऊन खूण केली. वरून. पुढच्या वर्षीचा करार त्याच्याच हातात होता. शिडीने मान डोलावली आणि दोन्ही बॉल वरून टाकले. दोन्ही रिंगवर आपटून बाहेर आले. दुसऱ्या दिवशी मॅनेजरने पेपरात सांगितलं, "तिला दडपण पेललं नाही." करार तर गेलाच.

तो मॅनेजर आता क्लबचा अध्यक्ष झाला होता. एका दुपारी तो रेकॉर्ड रूमच्या खिडकीशी येऊन उभा राहिला, पोट आणि हसू दोन्ही वाढलेलं.

"क्लबला पन्नास वर्षं झाली. रविवारी सकाळी कार्यक्रम आहे. तू यायचंस आणि तेच दोन थ्रो पुन्हा टाकायचेस. लोकांना गंमत! फक्त एक गोष्ट, वरून टाक हं. ती बादली नको. कॅमेरे आहेत."

"येते," शिडी म्हणाली.

घरी नवरा पँटला काज करत बसला होता. तो शिंपी, पाच फूट चार इंच. लग्नाआधी तिचं माप घ्यायला त्याला स्टूल लागलं होतं, आणि अजून तो सांगायचा की तिथूनच माझा तोल गेला.

"जाऊ नकोस," तो म्हणाला. "तमाशा करतील तुझा."

"करू देत. मी चुकले याचं मला कधीच काही वाटलं नाही रे. चुकतं माणूस. मी त्याचं ऐकलं, हे गिळवत नाही. बापाने दिलेला हात होता, आणि त्या टोणग्याच्या एका खुणेवर मी तो सोडला. यावेळी खालूनच टाकणार."

"अगं, गुडघे! जिना उतरताना रडतेस. वाकणार कशी? आणि खालून टाकूनही चुकला तर?"

ती गुडघ्याला तेल चोळू लागली. त्याने सुस्कारा सोडला, तिची जुनी ट्रॅक पँट काढली आणि वाकताना अडू नये म्हणून गुडघ्यापाशी उसवून सैल करायला घेतली.

रविवारी हॉल गच्च भरला होता. शिडी रेषेवर गेली. अध्यक्ष माइक घेऊन शेजारीच उभा होता. त्याने हसत हात डोक्यावर नेला. तीच खूण.

शिडीने त्याच्याकडे नीट पाहिलं आणि गुडघे वाकवले. डावा गुडघा कळवळला, हात किंचित लवकर सुटला. बॉल रिंगच्या कडेला लागून बाहेर पडला.

हॉल खदखदून हसला. अध्यक्ष माइकमध्ये म्हणाला, "बघा! मी तेव्हाही हेच सांगत होतो..."

शिडीने त्याच्या हातातला माइक वरच्या फळीवरची फाइल काढावी तसा अलगद काढून घेतला.

"हा चुकला तो माझा," ती म्हणाली. "हा माझ्या नावावर लिहा. ते बावीस वर्षांपूर्वीचे दोन यांच्या नावावर लिहा. वरून टाक म्हणून यांनी खूण केली होती, आताही तीच केली, तुम्ही सगळ्यांनी बघितली. मी तेव्हा ऐकलं, तेवढा गाढवपणा माझा. आज नाही ऐकणार."

कुणी हसलं नाही. तिने माइक परत दिला आणि बॉल मागितला. पुन्हा वाकली. गुडघा बोंबलला, तिने बोंबलू दिला. बॉल वर गेला, रिंगला न लागता आत उतरला आणि जाळीतून खाली आला. मागच्या रांगेत खुर्चीवर चढून उभा असलेला शिंपी तेवढा ओरडला. मग सगळा हॉल.

सोमवारी रेकॉर्ड रूमच्या खिडकीशी एक गृहस्थ आले. शिडीने वरच्या फळीवरून फाइल काढली. त्यांनी डोळे बारीक केले.

"तुम्हीच ना त्या, फ्री थ्रो चुकवलेल्या?"

"हो," शिडी म्हणाली. "एक. सही करा इथे."