उसना आवाज

रत्नपालने दुर्गाची खुर्ची टीव्हीजवळ सरकवली आणि नातीच्या हातून रिमोट घेऊन आवाज वाढवला.

"आजोबा, छत्रीबाग मोहल्ला पूरा ऐकेल," श्रेया म्हणाली.

"ऐकू दे."

"या वेळी पक्कं ना?" दुर्गाने विचारलं. "तुमचाच आवाज?"

"पक्कं. डायरेक्टर स्वतः बोलला, डबिंग नाही."

काचबिंदूने नजर गेल्यापासून दुर्गा सिनेमे ऐकत असे, आणि ऐकायचे म्हटले तर नवरा त्यांत कुठेच नव्हता. पडद्यावर त्याने हवालदार, मुनीम, नायिकेचे बाप केले होते. पण त्याच्या हिंदीत महूच्या लष्करी चाळीतली मराठी डोकावते म्हणून त्याचे संवाद नेहमी मुंबईतला एक माणूस बोलायचा. हळूहळू रत्नपालने सेटवर बोलणंच सोडलं. ओठ तेवढे नेमके हलवायचे.

चौकीतला प्रसंग आला. म्हाताऱ्या बापाच्या भूमिकेतल्या रत्नपालसमोर नदीतून काढलेली चप्पल ठेवलेली.

"मेरे ही लड़के की है, साहब."

आवाज भारदस्त होता. त्याचा नव्हता.

रत्नपालला पोलोग्राउंडमधली बंद कारखान्याची शेड आठवली, जिथे हा प्रसंग चित्रित झाला होता. साउंडवाल्याने हेडफोन काढून म्हटलं होतं, "भिया, थोड़ा खुल के बोलो." त्याने मान डोलावली होती. मग कॅमेरा सुरू झाला, ओठ सवयीने हलले आणि आवाज घशातच राहिला. उजेड जात होता. चेहरा छान आला म्हणून शॉट पास झाला. नंतर कुणी काही कळवलं नाही, आणि त्यानेही विचारलं नाही.

"आजोबा, हा तर—" श्रेया म्हणाली. त्याने मानेनेच नको म्हटलं.

दुर्गा थोडा वेळ कान देऊन बसली.

"तुमचा तोच मुंबईवाला आहे हा," ती म्हणाली. "थकला हो बिचारा. हवालदाराच्या वेळी कसला खणखणीत होता. आता वाक्य संपेपर्यंत धाप लागते त्याला."

"त्यांनी पुन्हा त्याच्याकडूनच करून घेतलं, दुर्गा."

"हं. त्यांना समज नाही." तिने हात पुढे केला, तो त्याच्या गुडघ्यावर पडला. "तुम्ही म्हणा ना. श्रेया, मागे ने ग जरासं, आणि आवाज बंद कर."

श्रेयाने चित्र मागे नेलं. चौकी आली, चप्पल आली. बापाने मान वर केली. रत्नपाल पडद्याकडे बघत खुर्चीत ताठ बसला, आणि पडद्यावरच्या माणसाबरोबर त्याचेही ओठ हलले, एका अक्षराचाही फरक न पडता.

दुर्गा मान कलती करून वाट पाहत होती.

"चालू झाला का सीन?" तिने विचारलं.